भाषांतर... की भाषेतलं अंतर?

फर्स्ट इयरला इंजिनिअरिंग मेकॅनिक्स नावाचा विषय आपल्या सगळ्यांच्या मानगुटीवर बसलेला असतो. त्यात ‘ट्रान्सलेशन’ नावाची एक गती असते, आठवतंय? वस्तू एका जागेवरून दुसऱ्या जागेवर जाते, पण स्वतःभोवती फिरत नाही. तिच्यावर काढलेली प्रत्येक रेषा शेवटपर्यंत मूळ रेषेला समांतर राहते. गंमत म्हणजे वाट सरळच असायला हवी असं नाही. जत्रेतल्या आकाशपाळण्याचं उदाहरण घ्या. पाळणा गोल गोल फिरतो, पण आत बसलेला माणूस उलटा होत नाही. तो बसल्या जागी सरळच असतो. याला कर्व्हिलिनिअर ट्रान्सलेशन म्हणतात. (व्हायव्हात विचारतात, लक्षात ठेवा!)

मी कॉन्व्हेंटमध्ये शिकले. आमच्या बुलडाणा जिल्ह्यात कुठल्याही इंग्रजी शाळेला सरसकट ‘कॉन्व्हेंट’ म्हणतात, मग तिथे एकही नन नसली तरी चालतं. पण माझ्या शाळेत खरोखरच्या सिस्टर्स होत्या. त्यामुळे ‘ट्रान्सलेशन’ म्हटलं की मला मेकॅनिक्सच्या आधी इंग्रजीचा पेपर आठवायचा. एकच शब्द दोन्हीकडे कसा, हे डिक्शनरी उघडल्यावर कळलं. मूळ लॅटिन शब्दाचा अर्थ ‘पलीकडे वाहून नेलेलं’. चर्चमध्ये एखाद्या संताच्या अस्थी एका जागेवरून दुसरीकडे नेल्या किंवा बिशपची बदली झाली, तर त्यालाही ट्रान्सलेशनच म्हणतात. म्हणजे इंग्रजांच्या मनात भाषांतर हे हमालीचं काम आहे. ओझं उचला, नदी ओलांडा, पलीकडे ठेवा.

आपल्याकडे मात्र याच कामाला कितीतरी शब्द आहेत आणि प्रत्येकाची कल्पना वेगळी आहे. ‘अनुवाद’ म्हणजे मागून बोलणं. आधी कोणीतरी बोललं आहे, आपण त्याच्या मागे बोलायचं. मीमांसा शास्त्रात तर आधीच माहीत असलेली गोष्ट पुन्हा सांगण्याला ‘अनुवाद’ म्हणतात, तिथे दुसऱ्या भाषेचा संबंधही नाही. ‘तर्जुमा’ अरबीतून आला. तो करणारा तर्जुमान, आणि त्याचाच इंग्रजांनी ‘ड्रॅगोमन’ केला. आपल्या ‘दुभाष्या’चाही त्यांनी मद्रासकडे ‘दुबाश’ करून टाकला. भाषांतर करणाऱ्याच्या नावाचंच भाषांतर झालं नाही, ते जसंच्या तसं उचलून नेलं!

आणि ‘भाषांतर’? संस्कृतात शब्दाच्या शेवटी ‘अंतर’ लागलं की त्याचा अर्थ ‘दुसरा’ असा होतो. देशांतर म्हणजे दुसरा देश, वेषांतर म्हणजे दुसरा वेष, तसं भाषांतर म्हणजे दुसरी भाषा. पण मराठी माणसाच्या कानाला ‘अंतर’ म्हटलं की किलोमीटर ऐकू येतात. आणि आणखी एक अंतर आहे, मनाच्या आतलं. या तिन्ही अर्थांशी माझी गाठ कशी पडली, तेच या लेखात सांगायचं आहे.

माझं गाव लोणार. हो, तेच सरोवराचं. सुमारे १.८ किलोमीटर व्यासाचा, बेसॉल्ट खडकात पडलेला खड्डा आणि त्याच्या तळाशी खारं पाणी. एकाच खड्ड्याची इतक्या भाषांत वर्णनं झालीत की लोणार म्हणजे भाषांतराची प्रयोगशाळाच म्हणायला हवी.

पुराणाच्या भाषेत इथे लवणासुर राहत होता. जमिनीखाली त्याची गुहा, वर भलं मोठं झाकण. विष्णूने सुंदर तरुणाचं रूप घेतलं, पायाच्या अंगठ्याने ते झाकण उडवलं आणि दैत्याला मारलं. म्हणून गावात दैत्यसूदनाचं मंदिर. झाकण लांब धाकेफळजवळ जाऊन पडलं, असं सांगतात. सोळाव्या शतकाच्या शेवटी अबुल फजलने ‘आईने-अकबरी’त फारसी भाषेत लोणारची दखल घेतली. त्याला दैत्यापेक्षा काच आणि साबण बनवायला लागणारा माल जास्त महत्त्वाचा वाटला. १८२३ मध्ये सी. जे. ई. अलेक्झांडर या ब्रिटिश अधिकाऱ्याने नोंद केली आणि लोणार इंग्रजीत गेलं. पुढे बराच काळ हे ज्वालामुखीचं तोंड असावं असं समजलं जायचं. १९७३ मध्ये ‘सायन्स’ नियतकालिकातल्या शोधनिबंधात इथे मॅस्केलिनाइट सापडल्याचं आलं. प्रचंड धक्क्याने फेल्डस्पार खनिजाची जी काच होते, ती ही. ज्वालामुखीत असा धक्का बसत नाही. म्हणजे वरूनच काहीतरी येऊन आदळलं होतं. कधी आदळलं? एका पद्धतीने उत्तर आलं सुमारे ५२ हजार वर्षांपूर्वी, तर नंतरच्या आर्गॉन पद्धतीने सुमारे ५ लाख ७० हजार!

आता काही जण लगेच म्हणतात, ‘बघा, झाकण उडालं म्हणजेच उल्कापाताने खडक उडाले, आपल्या पूर्वजांना सगळं माहीत होतं!’ मला हे पटत नाही. ते पाहायला तेव्हा इथे कथा सांगणारं कोण होतं? मला तर कथा अशी बनली असावी असं वाटतं की लोकांनी खड्डा पाहिला, काठाची उचललेली कड पाहिली, खारं पाणी चाखलं आणि आपल्याजवळ असलेल्या शब्दांत त्याचा अर्थ लावला. शास्त्रज्ञांनीही तोच खड्डा आपल्या शब्दांत वाचला. फरक एवढाच की शास्त्रज्ञांचं वाचन चुकलं तर ते तपासून बदलता येतं. म्हणून पुराणाला विज्ञानाचं भाषांतर म्हणू नये. दोघांनाही ते मानवणार नाही.

लोणारला येणारे पाहुणे विचारतात, ‘इज द वॉटर सॉल्टी?’ आम्ही म्हणतो, हो, खारं आहे. झालं भाषांतर! पण थांबा. या पाण्याचा पीएच दहाच्या आसपास आहे. यात मीठ आहेच, पण सोडाही आहे. बोटांना ते साबणासारखं बुळबुळीत लागतं. इंग्रजीत ‘सॉल्टी’ वेगळं आणि ‘अल्कलाइन’ वेगळं. आपला ‘खार’ मात्र ‘क्षार’ शब्दातून आलाय आणि क्षार म्हणजे अल्कली. म्हणजे आमच्या गावातली निरक्षर म्हातारी ‘खारं’ म्हणते तेव्हा केमिस्ट्रीच्या दृष्टीने ती ‘सॉल्टी’ म्हणणाऱ्यापेक्षा जास्त बरोबर असते! पूर्वी इथून क्षार काढत, तेव्हा त्यांना दल्ला, पापडी, खुप्पल, भुसकी अशी वेगवेगळी नावं होती. इंग्रजीत या सगळ्यांचं मिळून एकच होतं, ‘सोडा’. पलीकडे नेताना ओझं हलकं झालं की नाही?

उलटंही होतं. पेपरात नेहमी ‘उल्का पडून लोणार झालं’ असं छापून येतं. पण मराठीत आकाशात पेटते ती उल्का आणि जमिनीपर्यंत पोचतो तो अशनी. शब्द आपल्याकडे आहे, पण वापरायचा कोणी? तीच गत शाखेच्या नावाची. मी ‘इ अँड टीसी’ला आहे. सरकारी मराठीत हिला ‘अणुविद्युत व दूरसंचार’ म्हणतात. आजीला हे सांगितलं तर तिला वाटेल नात ॲटम बॉम्ब बनवते! एआयसीटीईने २०२१ मध्ये मराठीसह काही भारतीय भाषांतून इंजिनिअरिंग शिकवायला परवानगी दिली, ही चांगलीच गोष्ट आहे. पण पुस्तकातला शब्द आजीच्या ओट्यावर बसू शकतो का, ही त्याची खरी परीक्षा. ‘धक्का’, ‘ताण’, ‘झीज’ हे शब्द बसतात. मग बाकीचेही बसतील, घाई न करता शोधले तर.

आता आजीचा विषय निघालाच आहे तर सांगते. गेल्या वर्षी तिच्या गळ्याला गाठ आली. थायरॉइडची. लोणारहून संभाजीनगरला एका मोठ्या दवाखान्यात नेलं. डॉक्टर दक्षिणेकडचे, इंग्रजी फर्डं, हिंदी तोडकं, मराठी शून्य. घरात इंग्रजी येणारी मी एकटी. झाले दुभाषी!

सी प्रोग्रामिंग शिकताना आपण कंपायलर आणि इंटरप्रिटर यांतला फरक पाठ करतो. कंपायलर अख्खा प्रोग्रॅम एकदम भाषांतरित करतो, इंटरप्रिटर एकेक ओळ घेतो आणि तिथल्या तिथे चालवतो. कॅबिनमध्ये मी इंटरप्रिटर होते. मागची ओळ खोडता येत नाही आणि पुढची काय येणार ते माहीत नसतं.

डॉक्टर म्हणाले, रिपोर्ट निगेटिव्ह आहे. हा शब्द आजीने स्वतःच पकडला. तिचा चेहरा उतरला. ‘निगेटिव म्हंजे वाईट ना, माय?’ मी म्हटलं, ‘नाही आजी, निगेटिव्ह म्हणजे कॅन्सर नाही. चांगलं आहे.’ पाहा, इथे मेकॅनिक्स उलटं झालं. शब्द सरळ नेला असता तर अर्थ उताणा पडला असता. शब्दाला पूर्ण १८० अंशांत फिरवला तेव्हा कुठे आत बसलेला माणूस सरळ राहिला.

पण गाठ श्वासनलिकेवर दाबत होती, काढावी लागणार होती. डॉक्टरांनी कागदावर चित्र काढून समजावलं की आवाजाच्या पडद्यांना हलवणारी नस थायरॉइडला चिकटून जाते. तिला इजा झाली तर आवाज घोगरा होऊ शकतो, क्वचित कायमचाही. धोका लहान आहे, पण आहे. मी तोंड उघडणार तेवढ्यात काका कानाशी म्हणाले, ‘आवाजाचं राहू दे. उगाच घाबरंल ती. नाही म्हणून बसली तर?’

काकांचं काही चुकत नव्हतं. ते प्रेमानेच बोलत होते. आणि आमची आजी म्हणजे भुलाबाईची गाणी सुरू झाली की अख्ख्या गल्लीतल्या पोरी जिच्या ओट्यावर जमायच्या ती. तिला आवाजाचं सांगायचं म्हणजे... त्या दोन-तीन सेकंदांत मला कळलं की दुभाष्याच्या हातात केवढी सत्ता असते. दोन माणसं समोरासमोर बसलीत आणि त्यांच्यामधला एकमेव पूल मी आहे. पुलाने ठरवायचं का, कोणी पलीकडे जायचं आणि कोणी नाही?

समोर संमतीचा फॉर्म होता. त्यावर अंगठा आजीचा उठणार होता, काकांचा नाही आणि माझा तर नाहीच. मी काकांना म्हटलं, ‘काका, गळा तिचा आहे.’ आणि आजीला सगळं सांगितलं. नस, घोगरा आवाज, क्वचित कायमचा, सगळं.

आजी थोडा वेळ चित्राकडे बघत राहिली. मग तिने डॉक्टरांना नाही, मला विचारलं, ‘मी बोलली तं तुले समजन ना?’

मी म्हटलं, ‘समजेल आजी.’ डॉक्टरांनी विचारलं, व्हॉट डिड शी से? मी शब्दशः सांगितलं, पण त्यांना वाटलं की आजी विचारतेय, बोलणं स्पष्ट राहील का. त्यांनी मान डोलावून तसं उत्तरही दिलं. ते त्यांच्या जागी बरोबर होतं. पण तिने ते विचारलं नव्हतं. मी आठ वर्षं होस्टेलला राहून सुट्टीला घरी यायचे, तेव्हा तिचे अर्धे शब्द मला पुन्हा विचारावे लागायचे. ती त्या अंतराबद्दल बोलत होती. सहा साध्या शब्दांच्या त्या वाक्याचं मला अजूनही इंग्रजी करता आलेलं नाही.

ऑपरेशन व्यवस्थित झालं. आवाज पहिले दोन महिने जड होता, आता बराच मोकळा झालाय. वरच्या पट्टीत मात्र पूर्वीसारखा जात नाही. त्या वर्षी भुलाबाईची गाणी तिने खालच्या पट्टीत धरली आणि पोरींनी ओढून वर नेली. चाललं की!

असो. शेवटी एवढंच सांगेन. आज मोबाइलवर बोट ठेवलं की भाषांतर मिळतं आणि ते दिवसेंदिवस सुधारतही आहे. मीही असाइनमेंटला वापरते, खोटं कशाला बोलू! ‘निगेटिव्ह’चा अर्थ तेही सांगेल. पण आपल्यापैकी बहुतेकांच्या घरात अशी एक आजी, आजोबा किंवा आई आहे, जिच्यासाठी बँकेत, दवाखान्यात, कोर्टात आपल्यालाच मध्ये उभं राहावं लागतं. आपण इंग्रजी शिकलो ते काही फक्त प्लेसमेंटच्या ग्रुप डिस्कशनसाठी नाही. तेव्हा या सुट्टीत घरी गेलात की त्यांच्या तोंडचे दहा शब्द वहीत लिहून आणा, जे आपल्या पुस्तकात नाहीत. अर्थ त्यांनाच विचारा. माझ्या वहीत सध्या चौतीस झालेत, आणि त्यातला ‘खुप्पल’ मी अजून एकदाही डोळ्यांनी पाहिलेला नाही. दिवाळीत आजीला विचारायचंय, तो दिसतो कसा.