विहिरीतला ज्वालामुखी

२०१३चा उन्हाळा. दुष्काळात राजूरजवळच्या आमच्या शेतातली विहीर आणखी खोल घ्यायला काढली. मांजऱ्या संपला, काळा पाषाण लागला. त्याखाली हातभर विटकरी गेरू, गेरूखाली परत पाषाण. सुरुंग उडाला की क्रेनच्या पाटीतून दगड वर यायचा आणि अण्णा तो उलटापालटा करून ओल शोधायचे. आम्हां पोरांना फक्त त्यातल्या चकाकणाऱ्या गारगोट्या हव्या असायच्या. गेरूचा अर्थ पुढे कॉलेजात कळला. एक लाव्हा थंडावला, वर माती धरली, मग दुसरा लाव्हा आला आणि ती माती भाजून निघाली. म्हणजे आमच्या विहिरीला भट्टीतल्या विटेचं अस्तर होतं!

पाच वर्षांनी मॉरिशसला गेलो. उसाच्या फडांत मधोमध काळ्या धोंड्यांचे ढीग रचलेले. शेत साफ करताना वेचलेले, अगदी आपल्या बांधावरच्यासारखे. ८१२ मीटरचा ल पूस डोंगर आभाळात अंगठा उभारल्यासारखा दिसतो. शेजारच्या पीटर बोथच्या टोकावर एक गोल धोंडा बसवलेला. तो अजून पडला कसा नाही, कोण जाणे. आपल्याकडच्या बहुतेक टेकड्या अशा टोकदार नाहीत. आपला लाव्हा भेगांतून निघून मैलोन्‌मैल पसरला, थरावर थर चढले. म्हणून त्यांचे माथे सपाट.

क्युरपीपला ट्रू ओ सर्फ नावाचं विवर आहे. आत गच्च झाडी, तळाशी थोडं पाणी. त्या काठावर उभा असताना पुस्तकातली गोष्ट पायांखाली आली. साडेसहा कोटी वर्षांपूर्वी भारताची भूमी दक्षिणेतून उत्तरेकडे सरकत असताना ज्या आगीवरून गेली, तिनंच दख्खनचा दगड ओतला. भूमी पुढे निघून गेली, आग जागेवरच राहिली. तिच्यावरून समुद्राचा तळ सरकत राहिला आणि मागाहून मॉरिशस वर आलं. ती आग आता शेजारच्या रियुनियन बेटाखाली आहे. तिथला पितों द ला फुर्नेझ अजूनही लाव्हा ओकतो. शास्त्रज्ञ असं सांगतात. मला तर आपलं भावकीतलं घर सापडल्यासारखं वाटलं.

घरी आल्यावर हे सगळं अण्णांना रंगवून सांगितलं, फोटो दाखवले. त्यांनी धोंड्यांच्या ढिगाचा फोटो बोटानं मोठा करून बराच वेळ पाहिला.

"तिकडं हिरीला पाणी कितीक खोल लागतं?"

ते मी कोणालाच विचारलं नव्हतं.