भोरचा राजवाडा, बर्लिनचा हिंदुस्थान आणि थेआ फॉन हार्बू

१/ भोर-वेल्ह्याकडे चित्रीकरणे नवी नाहीत. भोरच्या राजवाड्यात चित्रपटाची मंडळी उतरली, की पंतसचिवांचा वाडा पाहता पाहता दुसऱ्याच राजाचा होतो. त्यामुळे १९२१ साली बर्लिनजवळ उभारलेल्या एका खोट्या हिंदुस्थानाविषयी वाचले, तेव्हा त्याच्या लेखिकेचा शोध घ्यावासा वाटला.

२/ ती थेआ फॉन हार्बू (१८८८–१९५४). हिंदुस्थान न पाहताच तिने १९१८ मध्ये ‘दास इंडिशे ग्राबमाल’ (भारतीय कबर) ही कादंबरी लिहिली. योगी, वाघ आणि सूडाने पेटलेला महाराजा. तिच्या चित्रपटाची पटकथा तिने फ्रिट्झ लांगसह लिहिली.

३/ १९२२ मध्ये दोघांचा विवाह झाला. ‘मेट्रोपोलिस’ (१९२७) आणि ‘एम’ (१९३१) या चित्रपटांच्या पटकथांत तिचा मोठा वाटा. जगाने दिग्दर्शकाचे नाव लक्षात ठेवले, लेखिकेचे फारसे नाही.

४/ १९३३ मध्ये हिटलर सत्तेवर आला. त्याच वर्षी दोघांचा घटस्फोट झाला, लांगने जर्मनी सोडली. थेआ तिथेच राहिली. बेळगावजवळच्या बेळगुंदीचे, बर्लिनमध्ये शिकलेले आयी तेंडुलकर आता तिच्या आयुष्यात होते. दोघांनी गुपचूप विवाह केला, कारण नाझी राजवटीत असा संबंध उघड करणे धोक्याचे होते.

५/ तेंडुलकर १९३९ मध्ये मायदेशी परतले. पुढे त्यांना इंग्रजांचा तुरुंगवास घडला. १९४५ साली सेवाग्रामला गांधीजींच्या आशीर्वादाने त्यांचा इंदुमती गुणाजी यांच्याशी विवाह झाला.

६/ थेआ मात्र नाझी पक्षाची सदस्य झाली आणि त्या राजवटीत पटकथा लिहीत राहिली. ‘डेर हेरशर’ (१९३७) ही त्यांतलीच. युद्धानंतर तिला काही महिने नजरकैद भोगावी लागली. हिंदी लोकांना मदत करता यावी म्हणून आपण पक्षात गेलो, असा तिचा खुलासा होता.

७/ या खुलाशापाशी मी बराच काळ अडखळलो. बर्लिनमधल्या हिंदी विद्यार्थ्यांना तिने साहाय्य केले, हे खरे. आपल्या माणसांवर माया करणारी व्यक्ती आपल्याला निर्दोष हवी असते. पण ती माया खरी मानली, तरी पक्षसदस्यत्व पुसले जात नाही. आणि सदस्यत्व नोंदवले, म्हणून माया खोटी ठरत नाही. दोन्ही नोंदी एकाच पानावर राहिल्या पाहिजेत.

८/ चित्रीकरण संपले की राजवाड्यातले नकली खांब उतरवले जातात आणि मूळचे लाकडी खांब पुन्हा दिसू लागतात. माणसाच्या आयुष्यात ही निवड इतकी सोपी नसते. इतिहासाच्या विद्यार्थ्याने ती घाईने करू नये, एवढेच थेआने मला शिकवले.