अंकुराची वाढ

नंदुरबार जिल्ह्यातील कळसाडी या गावी आमचा चार दिवस मुक्काम होता. यजमानांच्या मळ्यात नुकताच हरभरा पेरला होता आणि आमच्याबरोबरची बालमंडळी रोज सकाळी जाऊन सऱ्या न्याहाळीत. दुसऱ्या दिवशी काही नव्हते, चौथ्या दिवशी पाहतात तो हिरवे टोक वर! एका मुलाने तक्रार केली, “आम्ही एवढे पाहत होतो, मग हे आले केव्हा?” यजमानांच्या मातोश्री म्हणाल्या, “अरे, उगवणे डोळ्यांना दिसत असते तर शेतकऱ्याला दुसरा उद्योग सुचला असता का?”

या मुलाच्या तक्रारीला उत्तर देणारा एक महाराष्ट्रीय गृहस्थ १९१२ साली होऊन गेला आहे. परतीच्या वाटेवर धुळे, मालेगाव करीत नाशिकला उतरायचेच होते. तेव्हा त्यांची जन्मभूमी व त्यांचे स्मारक ही दोन्ही मुलांना दाखवावी असे आम्ही ठरविले.

धुंडिराज गोविंद फाळके यांचा जन्म त्र्यंबकेश्वरी ३० एप्रिल १८७० रोजी झाला. वडील दाजीशास्त्री संस्कृतचे विद्वान. ब्रह्मगिरीच्या पायथ्याच्या या क्षेत्रात आजही यात्रेकरूंची वर्दळ असते. कुशावर्तावर स्नान, देवदर्शन, की लगेच परतीची गाडी. शास्त्र्याच्या घरच्या या मुलाने मात्र मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत व पुढे बडोद्याच्या कलाभवनात शिक्षण घेतले, छायाचित्रे काढली, छापखाना चालविला. १९११ साली मुंबईत ख्रिस्तचरित्राचा चित्रपट पाहून त्यांच्या मनाने घेतले की आपल्या देवादिकांची चित्रेही अशीच हलली पाहिजेत. विम्याचे कागद गहाण टाकून ते १९१२ च्या फेब्रुवारीत विलायतेस निघाले आणि कॅमेरा व इतर यंत्रसामग्रीची व्यवस्था लावून परतले. मुलाबाळांच्या घरात कर्त्या पुरुषाने विमा गहाण टाकावा, याला आमच्या वाचकांपैकी पुष्कळजण अविचार म्हणतील. आम्हीही तसेच म्हटले असते.

परत आल्यावर भांडवल हवे होते, आणि सावकाराला कल्पना दाखवून पैसा मिळत नाही. फाळक्यांनी एका कुंडीत वाटाणा पेरला, तिच्यासमोर कॅमेरा मांडला आणि सुमारे महिनाभर थोडी थोडी चित्रे घेत राहिले. ती पडद्यावर सलग दाखविताच महिन्याची वाढ मिनिटाभरात डोळ्यांपुढून गेली. यातील युक्ती अगदी सोपी आहे. त्या काळच्या मूकचित्रपटात सेकंदाला साधारण १६ चित्रे धरली, तर मिनिटाला ९६० होतात. ती ३० दिवसांवर वाटली म्हणजे दिवसाला ३२ पडतात. अवघड होते ते एवढेच, की महिनाभर कॅमेऱ्याला धक्का लागता कामा नये आणि रोपाने मध्येच मान टाकता कामा नये. चित्रकार रंगाने काम करतो, मूर्तिकार दगडाने. या गृहस्थाने काळच हाती घेऊन तो घडी घातल्यासारखा लहान केला. ‘अंकुराची वाढ’ पाहून यशवंतराव नाडकर्णी कर्ज देण्यास पुढे आले, आणि ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन थिएटरात ‘राजा हरिश्चंद्र’ लोकांपुढे आला.

फाळके पुढे नाशिकला आले व तेथेच त्यांनी चित्रपट काढले. १९३७ चा ‘गंगावतरण’ हा त्यांचा एकमेव बोलपट कोल्हापुरास झाला. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिक येथे त्यांचा अंत झाला. पांडवलेण्यांच्या पायथ्याशी त्यांचे स्मारक आहे. आम्ही प्रथम वर लेण्यांत गेलो. सातवाहनांच्या वेळचे लेख तेथे दगडावर अजून वाचता येतात. त्यांना अठराशे वर्षे होऊन गेली. खाली स्मारकात उतरल्यावर मुलांनी साहजिकच विचारले, “तो वाटाण्याचा चित्रपट कोठे लावतात?” तो आता कोठेच नाही. त्या वेळची फीत ज्वालाग्राही, शिवाय नीट न सांभाळली तर आपोआप कुजणारी. ‘राजा हरिश्चंद्र’चाही काही भागच पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात उरला आहे. काळाला मुठीत धरणाऱ्याची पहिली कृती काळानेच गिळावी, हे आम्हांला फार लागले. संग्रहालय निघाले १९६४ साली. तोवर पन्नास वर्षे उलटली होती.

या सर्व कथेत एक नाव स्मारकाच्या पाटीवर मावण्याजोगे नाही, असे मात्र कोणी समजू नये. सरस्वतीबाई फाळके दिवसा मंडळींचा स्वयंपाक करीत. कोरी फीत त्या वेळी कडेला छिद्रे न पाडलेली येई. ती छिद्रे अंधारात, हाताच्या अंदाजाने पाडण्याचे काम त्या रात्री करीत. चित्रपटासाठी त्यांनी अंगावरचे दागिनेही दिले. आमच्या मंडळींतील स्त्रियांनी ही हकीकत ऐकून घेतली, आणि मग त्र्यंबकेश्वरापेक्षा येथेच अधिक वेळ बसण्याचा आग्रह धरला. गाडीला उशीर झाला तो त्यामुळे.