वहिनी म्हणताना

ओइशिदा स्टेशनवरून बस सुटली तेव्हा बर्फ भुरभुरत होता. जपानच्या यामागाता प्रांतातलं गिन्झान ओन्सेन हे गरम पाण्याच्या झऱ्यांचं छोटंसं गाव. अरुंद नदी आणि दोन्ही काठांना लाकडी सराया. मी तिथे गेले ती रेइकोसाठी.

रेइको ही मिकिओ नारुसे यांच्या १९६४ सालच्या ‘मिदारेरु’ या चित्रपटाची नायिका. हिदेको ताकामिने यांनी ती उभी केली. नवरा युद्धात मारला गेला. बॉम्बहल्ल्यात जळालेलं सासरचं दुकान तिनं पुन्हा उभारलं आणि अठरा वर्षं चालवलं. जवळच सुपरमार्केट उघडलं, अंडी निम्म्या भावात विकली जाऊ लागली, तशी नणंदांना ती घरात नकोशी झाली. त्यातच धाकट्या दिरानं, कोजीनं, तिच्यावर प्रेम असल्याचं सांगितलं. ती माहेरी निघाली, तर तोही त्याच गाडीत चढला. वाटेत दोघं याच गावी उतरली.

हा चित्रपट पहिल्यांदा पाहिला तेव्हा मला रेइकोचा राग आला होता. युद्धानंतरच्या राज्यघटनेनं लग्न दोघांच्या संमतीवर सोपवलं होतं. कुटुंबप्रमुखाची कायदेशीर सत्ताही संपली होती. मग हिला अडवलं कुणी?

उत्तर मला पुढे जपानी शिकताना मिळालं. कोजी तिला ‘नेसान’ म्हणतो. इंग्रजी सबटायटल्समध्ये ती हाक विरून जाते. माझ्या कानांना मात्र ती लख्ख ऐकू आली : वहिनी. आपल्याकडे वहिनीला आईच्या जागी मानतात. ज्या पोराला हाताखाली वाढताना पाहिलं, त्यानं तीच हाक मारत प्रेम मागितलं, तर बाईनं काय करावं? मन ओढ घेतं आणि हाक मागे खेचते. माझा राग तिथेच गळून पडला.

इथल्याच सराईत तिनं कोजीच्या बोटाला कागदाचा पीळ बांधला. सकाळी खिडकीतून तिला स्ट्रेचरवर झाकलेला देह दिसला. बाहेर लोंबणाऱ्या हाताच्या बोटात तो पीळ होता. ती नदीकाठानं धावत सुटली आणि मध्येच थबकली.

त्या काठावर मी बराच वेळ उभी होते. तिच्या मागे धावणारं कुणी नव्हतं आणि मोकळेपणी रडण्यासाठी लागणारं नातंही तिच्याकडे नव्हतं. प्रेयसी ती झाली नव्हती, वहिनी म्हणून तेवढं रडणं शोभलं नसतं.

हा चित्रपट जरूर पाहा. पाहताना सबटायटल्सवरून नजर काढा आणि कोजी तिला काय हाक मारतो, तेवढं ऐका.