खोडलेला दुवा

मी मंठ्यात उर्दू शाळेतल्या मुलांना मराठी शिकवतो. मागे एकदा सातवीला 'माझी आजी' हा निबंध दिला होता. एका मुलीने लिहिलं, 'शाळेत निघताना दादी मला दुवा देते.' मी लाल पेनाने 'दुवा' खोडून वर 'शुभाशीर्वाद' लिहिलं. वही घेताना ती हळूच म्हणाली, "सर, पन दादी तो दुआच देती ना?"

मी तिला गप्प बसवलं. हातालाच ती सवय होती. बी.एड.ला असताना पाठाच्या टाचणात मी 'गरज'ची 'आवश्यकता' करायचो, 'हजर'चा 'उपस्थित'. माझं नाव वाचून कुणी माझ्या मराठीवर शंका घेऊ नये, एवढीच धडपड.

मराठीत हा खटाटोप जुना आहे. शिवाजी महाराजांनी राज्यव्यवहारकोश करवून घेतला. 1674 च्या राज्याभिषेकाच्या सुमारास मुजुमदार अमात्य झाला, सुरनीस सचिव झाला. राज्य आपलं, तर कारभाराची भाषाही आपली हवी, हे समजण्यासारखं आहे. पुढे सावरकरांनी भाषाशुद्धीची चळवळ चालवली; 'तारखे'ला 'दिनांक' दिला. 1925 साली फार्सी-मराठी कोश काढणारे माधव जूलियनही नंतर त्याच बाजूला गेले.

यातले बरेच शब्द रुजले. 'दिनांक' मीच रोज फळ्यावर लिहितो. पण कोर्टात आजही तारीखच पडते. जमिनीला वारस लावायला तहसीलमध्ये आलेला शेतकरी कुठल्याही धर्माचा असो, तो अर्ज देतो, दाखला मागतो, कागदावर सही करतो. हे सगळे शब्द अरबी-फार्सीतून आलेत, हे त्याच्या गावीही नसतं. त्याच्या लेखी ती मराठीच.

परीक्षेत 'पाणी'चा समानार्थी 'जल' लिहिला की एक मार्क मिळतो. पण तहानलेल्याला आपण पाणीच पाजतो. अर्थ सारखा असला तरी प्रत्येक शब्दाची बसायची जागा वेगळी.

त्या रात्री मराठी शब्दकोश उघडला. 'दुवा' तिथे होताच, अर्थ, आशीर्वाद. आमच्या शेजारच्या मावशीही म्हणतातच, "गरिबाचा दुवा घ्यावा." म्हणजे मी परका समजून जो शब्द खोडला, तो मराठीच्या घरात कधीचा राहत होता. परका मीच त्याला ठरवला होता.

दुसऱ्या दिवशी वही मागून घेतली. 'शुभाशीर्वाद' खोडून पुन्हा 'दुवा' लिहिलं आणि वर्गासमोर सांगितलं, चूक माझी होती. ती हसली. मग म्हणाली, "सर, आता एक मार्क वाढेल का?"

वाढवला.