शेवटचं कडवं

वामनदादा कर्डकांचं गाणं कानावर पडलं की मी शेवटच्या कडव्याची वाट बघत बसतो. सवयच लागली आहे. तिथे एखाद्या ओळीत हळूच ‘वामन’ येतो, आणि मग गाणं पुरं झाल्यासारखं वाटतं. नामदेव, तुकोबा, आमच्याच जिल्ह्यातल्या जांबचे रामदास, सगळ्यांनी हेच केलं. नाव ओळीत विणून ठेवायचं. उसवायला गेलात तर कापडच फाटेल!

हल्ली ते उसवलं जातंय, म्हणून हा लेखनप्रपंच.

मागच्या भीमजयंतीला आमच्या तालुक्याच्या गावी मिरवणूक बघत उभा होतो. दादांची चार गाणी ओळीने वाजली. प्रत्येकाची दोन कडवी, की लगेच पुढचं गाणं. आवाज असा की छातीत धडधड. साऊंडवाल्या पोराला विचारलं, “हे कुणाचं रे?” त्याने आजच्या एका गायकाचं नाव सांगितलं. “ते झालं गाणारा. लिहिलं कुणी?” “ते काही माहीत नाही सर.” पोराचा काय दोष? ज्या कडव्यात उत्तर होतं, ते त्याच्यापर्यंत आलंच नव्हतं.

दादांचा जन्म 1922 चा, सिन्नर तालुक्यातल्या देशवंडीचा. शाळा नाही. पोटासाठी मुंबई गाठली, मिळेल ती मजुरी केली. तिथे एका माणसाने पत्र वाचून दाखवा म्हणून हातात दिलं, आणि यांना अक्षरओळख नव्हती. फार लागलं ते मनाला. मग देहलवी मास्तरांकडे मुळाक्षरं गिरवली, आणि जोडाक्षरं दुकानांच्या पाट्या वाचत वाचत शिकले. आयुष्यभर खडू हातात धरलेला मी माणूस, पण ही गोष्ट सांगताना आजही थांबतो. पाट्यांवरून जोडाक्षरं! पहिलं गाणं 1943 चं, एका हिंदी गाण्याच्या चालीवर रचलेलं विडंबन. पुढे 2004 मध्ये जाईपर्यंत हा माणूस बाबासाहेबांचा विचार गावोगावच्या वस्त्यांमध्ये गात फिरला. संसाराच्या वाट्याला सुख फारसं आलं नाही. एकुलती लेक लहानपणीच गेली. गाणी मात्र हजारोंनी झाली, आणि ज्याला आवडलं त्याने ती उचलून गायली.

पुण्याला असतो तो नातू गिटार वाजवतो. दिवाळीत आला तेव्हा म्हणाला, “आजोबा, तुमच्या दादांसारखाच एक अमेरिकेत होता.” मिसिसिपी जॉन हर्ट त्याचं नाव. काळा शेतमजूर, कापसाच्या मुलखातला. (कापूस म्हटल्यावर आम्हा जालनेकरांचे कान टवकारणारच.) गिटार आपली आपणच शिकलेला. अंगठ्याने खालचे सूर एका ठेक्यात चालू ठेवायचे आणि बाकीच्या बोटांनी वर गाणं वाजवायचं. ऐकलं तर दोन माणसं वाजवतायत असं वाटतं. आणि आवाज अगदी मऊ, ओसरीत बसून बोलावं तसा. दुःखाचं गाणं ओरडूनच म्हणावं लागतं असं थोडंच आहे?

1928 साली मेम्फिस आणि न्यूयॉर्कला त्याच्या तबकड्या निघाल्या. फारशा खपल्या नाहीत. मग मंदी आली, कंपनीने पाठ फिरवली, आणि हा परत शेतात. पस्तीस वर्षं! त्यातल्या एका गाण्यात त्याने आपल्या गावाचं, ॲव्हलॉनचं, नाव घातलं होतं. घरची आठवण येत होती म्हणून, दुसरं काही नाही. 1963 मध्ये एका तरुण संगीतवेड्याने ते नाव धरून नकाशे धुंडाळले, गाव शोधून काढलं, तर हा तिथेच! स्वतःची गिटारसुद्धा राहिली नव्हती. पुढची तीन वर्षं मोठमोठ्या मैफलींत हजारो लोकांनी त्याला ऐकलं. 1966 मध्ये तो गेला.

दादांची तुलना हर्टशी सगळ्या बाबतीत जुळत नाही, हे मी नातवाला सांगितलं. हर्टचं गाणं एकट्याचं, आपल्यापाशी गुणगुणल्यासारखं. दादांचं गाणं समोरच्या वस्तीला उठवून बसवणारं. पण ते एक कडवं कुणी गाळलं असतं तर ॲव्हलॉनचा पत्ता कुणाला लागला असता?

आमच्या गल्लीत कापूस वेचायला जाणारी एक म्हातारी आहे. अक्षरशत्रू. दादांची पंधरा-वीस गाणी तिला तोंडपाठ आहेत. परवा तिला म्हटलं, “आजी, म्हणा एखादं, मी वहीत उतरवून घेतो.” मुद्दामच दोन कडव्यांनंतर पेन खाली ठेवलं. तर म्हणाली, “लिवा की मास्तर, वामन अजून यायचाय.”