कातरलेली दोन मिनिटे

चरित्रपट पाहून परतणारा प्रेक्षक नटाची वाखाणणी करतो. काय कातरले गेले असेल, हा विचार त्याच्या मनास क्वचितच शिवतो. आम्हीही त्यांतलेच होतो. परंतु वसईच्या आमच्या घरीच कात्री हाती घेण्याची पाळी आली, तेव्हा आमचे डोळे उघडले.

अण्णांची, म्हणजे आमच्या वडिलांची, जन्मशताब्दी होती. ते शाळामास्तर, मुलींना शिकवा, असे घरोघर सांगत हिंडलेले. चिरंजीवांनी जुनी छायाचित्रे व विद्यार्थ्यांच्या आठवणी जमवून अर्ध्या तासाचा चित्रपट सिद्ध केला आणि काटछाट आम्हांवर सोपविली. त्यात ताई म्हणाल्या होत्या, ‘‘बारावीनंतर अण्णांनी मला घरी बसविले. धाकट्याच्या कॉलेजासाठी पैसा राखायचा होता.’’ तो धाकटा म्हणजे आम्ही! आम्ही ती दोन मिनिटे मुकाट्याने वगळली.

पुढे एके रात्री जब्बार पटेलांचा ‘डॉ. बाबासाहेब आंबेडकर’ हा २००० सालचा चित्रपट पुन्हा पाहिला. पेशाने बालरोगतज्ज्ञ असलेल्या या दिग्दर्शकाने पुढे कुमार गंधर्वांवर ‘हंस अकेला’ हा माहितीपट केला आणि २०१४ साली यशवंतराव चव्हाणांचे चरित्रही पडद्यावर आणले. १८९१ ते १९५६ एवढे आयुष्य तीन तासांत बसवावयाचे म्हणजे कितीतरी गोष्टींस मुकावे लागणारच. तरी मामुटींच्या बाबासाहेबांशेजारी सोनाली कुलकर्णींच्या रमाबाई आहेत, त्यांचा दारिद्र्याचा संसारही आहे. कोलंबिया व लंडन येथील पदव्यांचे मोल त्या संसाराने कसे चुकते केले, हे कळल्यावाचून त्या पदव्यांचे खरे वजन कळत नाही. आणि ते कळल्याने बाबासाहेब तसूभरही उणे होत नाहीत.

मग आम्ही कोणाचे मोठेपण राखीत होतो? अण्णांचे, की स्वतःचे?

दुसऱ्या दिवशी ताईंकडे जाऊन सारे कबूल केले. ती दोन मिनिटे परत घालतो, असेही सांगितले. त्या वालाच्या शेंगा सोलीत होत्या. मान वर न करता म्हणाल्या, ‘‘घाल. पण माझ्या मुलीच्या फीसाठी अण्णांनी आपली अंगठी मोडली, तेही घाल. नाहीतर माझेच तेवढे खरे ठरेल, आणि तेही अर्धेच.’’

अंगठीची ही गोष्ट आम्हांस आजवर ठाऊक नव्हती. अण्णांच्या शेवटच्या छायाचित्रात त्यांचे बोट रिकामे आहे. ते छायाचित्र मात्र आम्ही स्वतः निवडले होते.